लागलं, पण करपलं नाही

"अगं, लागतंय बघ तुझं काहीतरी!" आई बाहेरच्या खोलीतून ओरडली. तिचं नाक सहसा चुकत नाही, त्या दिवशीही चुकलं नव्हतं. पातेल्याच्या तळाला कांदा लागतच होता. मी समोर उभी होते आणि तो लागू देत होते.

फ्रेंच अनियन सूप करायला अवघड काही नाही. कांदे, लोणी, पाणी किंवा स्टॉक, शिळा पाव आणि चीज एवढंच सामान. फक्त हाताची एक जुनी सवय मोडावी लागते. दूध लागलं, भात लागला, पिठलं लागलं की आपल्याकडे स्वयंपाक करणारीचं लक्ष नव्हतं असं समजतात. या सुपात मात्र लागलेला थर हाच मुख्य जिन्नस आहे. सुपाचा गडद रंग आणि खोल चव चीजमधून येत नाही, वाईनमधूनही फारशी येत नाही. ती येते तळाशी धरणाऱ्या तपकिरी थरातून. तो थर पुन्हापुन्हा धरू द्यायचा आणि पुन्हापुन्हा सोडवून कांद्यात मिसळायचा, एवढीच यातली खरी कृती. आपण त्या थराला खरवड म्हणतो.

गंमत म्हणजे फ्रेंचांनाही हाच शब्द सुचला. चीजचा तांबूस थर असलेल्या या सुपाला ते 'ग्रातिने' म्हणतात. हल्ली 'ग्रातँ' म्हटलं की ओव्हनमध्ये वरून खरपूस केलेला थर डोळ्यांपुढे येतो, पण शब्दाचं मूळ 'ग्राते' या क्रियापदात आहे आणि त्याचा अर्थ खरवडणं. भांड्याच्या तळाला चिकटलेलं, खरवडून काढावं लागणारं ते ग्रातँ. खरवडणं आणि खरवड यांचं जे नातं, तेच ग्राते आणि ग्रातँ यांचं.

कांद्याचं सूप युरोपात फार जुनं, आणि कांदा गरिबाच्याही घरी असायचाच. लॉरेनचा ड्यूक स्तानिस्लास एका सराईत हे सूप प्यायला आणि कृती शिकायला थेट भटारखान्यात जाऊन बसला, अशी एक आख्यायिका आहे. आख्यायिका म्हणून छान आहे. सुपाचं खरं घर मात्र पॅरिसचा 'ले आल' हा घाऊक बाजार. एमिल झोलाने 1873 साली या बाजारावर कादंबरी लिहिली आणि तिचं नावच 'पॅरिसचं पोट' असं ठेवलं. रात्रभर भाजी, मांस, मासळी उतरवणारे हमाल पहाटे आजूबाजूच्या खानावळींत शिरायचे आणि चीजच्या जाड थराखालचं हे चटका देणारं सूप प्यायचे. नाटक, नाच आणि मद्य उरकून घरी निघालेली श्रीमंत मंडळीही त्याच बाकांवर येऊन बसायची. उतारा म्हणून या सुपाची ख्याती अजून आहे. 1969 साली बाजार शहराबाहेर रँजिसला गेला, लोखंड-काचेचे जुने मंडप पाडले गेले आणि त्या जागी आता व्यापारी संकुल आहे. 1947 साली सुरू झालेलं 'ओ पिए द कोशों' हे उपाहारगृह मात्र त्याच परिसरात आहे आणि तिथे हे सूप आजही मिळतं.

आता आपल्या पातेल्याकडे येऊ. चार जणांसाठी एक किलो कांदे घ्या. किलो म्हटल्यावर हात कचरतो, पण कांद्यात जवळजवळ 89 टक्के पाणी असतं. काठोकाठ भरलेल्या पातेल्यात तासाभराने पाव किलोच्या आसपास गडद गोळा उरतो. पहिल्यांदा करणारे अर्धा किलोच घेतात आणि मग कांद्याचं सूप म्हणून तपकिरी पाणी पितात.

कोणता कांदा घ्यायचा? फ्रान्समध्ये बहुतेक करून पिवळ्या सालीचा साठवणीचा कांदा वापरतात. आपल्याकडे त्याला सगळ्यात जवळचा म्हणजे उन्हाळ कांदा. मार्च ते मे दरम्यान काढून चाळीत ठेवलेला, कोरड्या घट्ट सालीचा, फिकट लालसर. पावसाळी पिकाचा गडद लाल कांदा पाणीदार असतो, त्यामुळे पाणी आटवण्यातच वेळ जातो. शिवाय त्याचा जांभळा रंग शिजताना मळकट करडा होतो. चवीला बिघडत नाही, पण अर्ध्या वाटेवर पातेल्यात डोकावलं की मन खट्टू होतं. अलिबागचा पांढरा कांदा गोड म्हणून नावाजलेला. तो मी एकदा या सुपात घातला आणि पुन्हा घालणार नाही. त्याची गोडी कच्चा खाताना कळते. तासभर शिजवल्यावर नुसता गोडवा उरतो, त्याला टोक राहत नाही. टोक येतं ते उग्र कांद्यातून.

उग्र कांदा म्हणजे डोळ्यांना पाणी. कांदा कापला की पेशी फुटतात, एरवी वेगवेगळ्या कप्प्यांत असलेली गंधकयुक्त द्रव्यं आणि विकरं एकत्र येतात आणि डोळ्यांना झोंबणारा वायू सुटतो. यासाठी एक स्वतंत्र विकर काम करतं, हे जपानी शास्त्रज्ञांनी 2002 साली दाखवलं आणि त्याबद्दल त्यांना 2013 मध्ये इग नोबेल हे गमतीदार पारितोषिकही मिळालं. आपल्या कामाचं एवढंच, की सोललेले कांदे अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवले आणि सुरी धारदार असली तर त्रास कमी होतो. बोथट सुरी कांदा कापत नाही, चेंगरते.

कांदा उभाच चिरायचा, बिर्याणीला चिरतो तसा. मात्र तितका पातळ नको, तीनएक मिलिमीटर जाड ठेवा. देठापासून मुळापर्यंत उभा चिरलेला कांदा तासभर शिजूनही धाग्यासारखा टिकतो आणि चमच्यात येतो. आडव्या चकत्या लवकर विरघळतात. मिक्सरवर किंवा किसणीवर करू नका, लगदा होतो.

भांडं जाड बुडाचं, पसरट आणि शक्यतो स्टीलचं. नॉनस्टिक नको. त्याला काही धरतच नाही, म्हणून खरवड तयार होत नाही. लोखंडी कढईत कांदा छान तांबूस होतो, पण पुढे वाईन पडली की आंबटपणामुळे काळपटपणा आणि धातूची चव उतरते. स्टीलचा आणखी एक फायदा म्हणजे तळाचा रंग स्पष्ट दिसतो आणि पुढचा तासभर आपल्याला तळाकडेच बघायचं आहे.

50 ग्रॅम बिनमिठाचं लोणी आणि एक मोठा चमचा तेल गरम करून सगळा कांदा घाला, वर पाऊण लहान चमचा मीठ. खालीवर करून झाकण ठेवा आणि मंद आचेवर 15 मिनिटं विसरून जा. मीठ कांद्यातलं पाणी ओढून काढतं, कांदा स्वतःच्याच वाफेवर मऊ होतो. झाकण काढाल तेव्हा तो अर्ध्यावर बसलेला, पारदर्शक आणि पाण्यात पोहणारा दिसेल. घरभर उग्र वास असेल. काही बिघडलेलं नाही.

झाकण काढलं की ते पुन्हा ठेवायचं नाही. जोपर्यंत पातेल्यात मोकळं पाणी आहे, तोपर्यंत कांद्याचं तापमान 100 अंशांच्या फार वर चढत नाही आणि एवढ्यावर रंग येण्याचं काम अगदी कूर्मगतीने चालतं. आधी पाणी जायला हवं. म्हणून झाकण काढल्यावर आच मध्यम करा आणि दर तीन-चार मिनिटांनी हलवा. इथे डोळ्यांपेक्षा कान उपयोगी पडतात. सुरुवातीला आमटी उकळल्यासारखी खदखद ऐकू येते. पंधरा-वीस मिनिटांत ती विरळ होते, मग एका क्षणी आवाज बदलतो आणि तळण्याचा चुरचुर आवाज सुरू होतो. पाणी संपलं, आता लोण्यात परतणं चालू झालं. आच कमी करा.

याच सुमारास वासही पालटतो. झोंबणारा उग्रपणा जातो आणि गुळाचा पाक चढत असल्यासारखा गोड वास यायला लागतो. किलोभर कांद्यात साधारण 40 ग्रॅम साखर असतेच. कच्च्या कांद्यात ती तिखटपणाखाली दबलेली असते. ती साखर आणि कांद्यातली अमिनो आम्लं उष्णतेत एकमेकांशी भिडतात आणि तपकिरी रंगाची, भाजल्या वासाची शेकडो द्रव्यं तयार होतात. पावाचं कवच, भाजलेली कॉफी, तुपात परतलेला रवा, सगळीकडे हीच प्रक्रिया. तिचं वर्णन 1912 साली लुई-कामिय मायार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने केलं आणि तिला त्याचंच नाव मिळालं. कांद्यात तिच्या जोडीला साखर स्वतः तापून तांबूस होण्याची क्रियाही थोडीफार चालते. आपल्याला दोन्ही हव्यात.

आता खरवड. चुरचुर सुरू झाल्यावर पाच-सात मिनिटांत तळावर पिवळट, चिकट पापुद्रा दिसू लागतो. तो हलवून मोडू नका, थोडा थांबू द्या. पिवळ्याचा मधासारखा होईल, मग भाजलेल्या शेंगदाण्याच्या सालासारखा. इथे दोन मोठे चमचे पाणी तळावर ओता. चर्र आवाज होऊन वाफ उठेल. लाकडी उलथन्याने तळ खरवडा. पापुद्रा विरघळून कांद्यात जाईल आणि सगळा कांदा एकदम एक छटा गडद होईल. ही पहिली फेरी. पाणी आटू द्या, पुन्हा धरू द्या, पुन्हा खरवडा. चार फेऱ्या तरी होतात, मी पाच करते. प्रत्येक फेरीला सहा ते दहा मिनिटं. शेवटी कांदा चिंचेच्या कोळासारखा गडद, चमकदार आणि मुरांब्यासारखा घट्ट दिसतो.

लागणं आणि करपणं यांतली सीमा रंगापेक्षा वासाने लवकर कळते. लागलेल्याचा वास गोड-खरपूस असतो. करपायला लागलं की त्यात कोरडा, नाकाच्या मागच्या बाजूला टोचणारा धूर येतो आणि तळावर काळे ठिपके उमटतात. ठिपके एक-दोन असतील तर त्यांना हात न लावता वरचा कांदा दुसऱ्या भांड्यात काढून घ्या. पाणी घालून खरवडलंत की कडवटपणा सगळीकडे पसरलाच. मी तो पसरवलेला आहे. फोन आला, तिसरी फेरी हुकली, आणि मग कडूपणा झाकायला साखर घातली. गोड-कडू काढा तयार झाला.

आडवाटाही सगळ्या चालून झाल्या आहेत. कुकरला तीन शिट्ट्या दिल्या, तर कांदा शिजला पण त्याच्या पाण्याला बाहेर जायला वाटच नव्हती. उघडून आटवण्यात तेवढाच वेळ गेला. चिमूटभर खायचा सोडा घातला की रंग लवकर येतो हे खरं, कारण मायारची प्रक्रिया अल्कधर्मी वातावरणात वेगाने होते. माझी चिमूट जरा मोठी झाली आणि कांद्याचा पिवळसर, साबणाच्या चवीचा लगदा झाला. मोठ्या आचेवर घाई केली तर कडा करपतात आणि पोट कच्चं राहतं. तोही कांदा चांगला लागतो, पण बिर्याणीवर. "लालसर होईपर्यंत परता" एवढंच लिहून पुढे पळणाऱ्या पाककृतींवर माझा राग आहे. झाकण काढल्यापासून पाऊण तास ते एक तास लागतो, हे लिहायला काय होतं?

कांदा झाला की बाकीचं काम सोपं आहे. एक मोठा चमचा मैदा भुरभुरवून दोन मिनिटं परता, त्याने सुपाला थोडा दाटपणा येतो. नको असेल तर वगळा. मग अर्धा कप कोरडी पांढरी वाईन. लासलगाव ज्या निफाड तालुक्यात आहे, तो कांद्याइतकाच द्राक्षांचाही तालुका, त्यामुळे नाशिककडची वाईन घेतली तर दोन्ही एका मातीतले झाले. वाईनचं काम आंबटपणाचं आहे, तासभर जमवलेल्या गोडव्याला ती कापते. ती पूर्ण आटू द्या आणि शेवटची खरवड तिच्यातच सोडवून घ्या. घरात वाईन चालत नसेल तर दोन लहान चमचे व्हिनेगर पाव कप पाण्यात मिसळून घाला. लिंबू घालायचं असेल तर ते अगदी शेवटी.

यानंतर सव्वा लिटर स्टॉक. पॅरिसच्या उपाहारगृहांत बहुतेक वेळा गोमांसाच्या हाडांचा स्टॉक असतो, घरोघरी कोंबडीचा चालतो, आणि जुन्या कृतींत नुसतं पाणीही आहे. आमच्या घरी भाज्यांचा. कांदा, गाजर, मूठभर वाळलेले मशरूम, चार मिरी दाणे. एक कांदा आडवा अर्धा करून कापलेली बाजू कोरड्या तव्यावर काळी होईपर्यंत भाजायची आणि स्टॉकमध्ये टाकायची. रंग आणण्याची ही युक्ती फ्रेंच स्वयंपाक्यांचीच. इथे करपवलं तर चालतं, कारण तो कांदा शेवटी गाळून टाकायचा असतो. शाकाहारी सूप फिकं पडेल अशी भीती असते, पण चिरलेला कांदा शिजताना त्यात गंधकाचं एक द्रव्य तयार होतं आणि अगदी सूक्ष्म प्रमाणात त्याला चक्क मांसाच्या रश्शाचा वास असतो. पाहुण्यांनी "यात मटणाचं पाणी आहे का?" असं विचारलं की मी मशरूमचं नावही घेत नाही.

सुगंधासाठी थाइमच्या दोन काड्या आणि लॉरेलचं एक पान. इथे आपल्याकडे हमखास घोटाळा होतो. फ्रेंचांचं पान लॉरेलच्या झाडाचं. त्याला मधोमध एकच शीर असते आणि वास निलगिरीकडे झुकणारा. आपलं तमालपत्र दालचिनीच्या जवळच्या नात्यातलं, लांबीने तीन शिरा असलेलं. ते घातलं की सुपाला मसालेभाताचा वास येतो. लॉरेल मिळालं नाही तर काहीच घालू नका. थाइम आणि ओवा या दोघांत थायमॉल हे एकच सुगंधी द्रव्य आहे, म्हणून थाइमऐवजी ओवा घालायचा मोह होतो. मी घातला होता. सुपाऐवजी पोटदुखीचं औषध झालं.

अर्धा तास मंद उकळू द्या आणि मीठ शेवटी चाखूनच घाला. चीज खारट असतं आणि बाजारचा स्टॉक-क्यूब असेल तर तो त्याहून खारट.

पाव शिळाच हवा. फ्रेंच 'बागेत' पाव नसेल तर मुंबईच्या इराणी बेकऱ्यांतला ब्रून उत्तम, गोव्याचा कडक कवचाचा उंडोही चालेल. दोन सेंटिमीटर जाड काप करून 150 अंशांवर पंधरा-वीस मिनिटं आतपर्यंत कडक वाळवा. नुसता टोस्ट केला तर वरून खरपूस आणि आतून मऊ राहतो आणि सुपात बुडताच त्याचा चिखल होतो. वाळवलेला पाव रस पितो, तरी चीजचं ओझं पेलतो.

चीज खरं तर स्वित्झर्लंडचं ग्रुएर किंवा फ्रान्सचं कोंते. ती सलग वितळतात आणि वर तांबूस डाग पडतात. ती महाग वाटली तर गौडा आणि मोझरेला निम्मं-निम्मं किसून घ्या, चार वाडग्यांना मिळून दीडशे ग्रॅम. मोझरेला तार देतं, चव गौडाची. जुनं चेडर तेल सोडतं. प्रोसेस्ड चीजचे काप वितळतात, पण पिवळ्या रंगाच्या लेपासारखे बसतात. आणि पनीर वितळतच नाही, तेव्हा तो विषय सोडा.

वाडगे ओव्हनमध्ये चालणारेच घ्या. जाड चिनी मातीचे सगळ्यात बरे. साधा काचेचा बाउल वरच्या कॉइलखाली टिकत नाही. माझा तडकला आणि चार तासांचं काम ओव्हनच्या तळाशी वाहून गेलं. उकळतं सूप वाडग्यात बोटभर जागा ठेवून ओता, वर पावाचे काप बसवा आणि चीज काठाबाहेर थोडं लोंबेल इतकं पसरा. काठाला चिकटलेलं चीज झाकणासारखं घट्ट बसतं. 230 अंशांवर दहा मिनिटं तापवलेल्या ओटीजीत फक्त वरची कॉइल चालू ठेवून चार ते सहा मिनिटं. दारासमोरून हलू नका. तांबूस आणि काळं यांत इथे अर्ध्या मिनिटाचं अंतर असतं. ओव्हन नसेल तर पावाच्या कापांवर चीज घालून ते झाकणाखाली तव्यावर वितळवा आणि भरलेल्या वाडग्यावर अलगद ठेवा. डाग पडणार नाहीत, बाकी सगळं मिळेल.

बाहेर काढल्यावर पाच मिनिटं थांबा. चीजखाली वाफ कोंडलेली असते आणि पहिल्या घोटाला जीभ हमखास भाजते. उरलेलं सूप पावाशिवाय फ्रीजमध्ये ठेवा, दुसऱ्या दिवशी जास्त मुरतं. गडद कांदा तर दुप्पट करून ठेवावा. चार दिवस सहज टिकतो आणि ज्वारीच्या गरम भाकरीवर नुसता पसरला तरी जेवण होतं.

वाडगे मात्र लगेच भिजत टाकू नका. मी त्या दिवशी आवरायला उठले, तर आईने तिचा वाडगा माझ्या हातून परत घेतला. सूप तिने निम्मंच प्यायलं होतं, फार गोड म्हणून. पण काठाला करकरीत झालेलं चीज ती चमच्याच्या कडेने खरवडत होती, आणि ते झाल्यावर माझ्या वाडग्याकडे तिने हात पुढे केला.